जिथं कुणी पाणी घालणार नाही

लग्न होऊन दौंडहून शिरूरला निघाले तेव्हा आईने कोरफडीची तीन पिल्लं लुगड्याच्या जुन्या फडक्यात बांधून दिली. म्हणाली, "संक्रांतीला येईन तेव्हा आधी कोरफड बघीन. ती जगली असली म्हंजी तुझं बी बरं चाललंय असं समजीन."

दौंडला आमच्या खोलीमागे रेल्वेच्या इंजिनांची राख आणि जळके कोळसे पडत. त्या ढिगावर कोरफड कुणी न लावता माजलेली. तिच्यासाठी जागा शोधावी लागते हे मला ठाऊकच नव्हतं.

शिरूरच्या घरी पाणी विहिरीवरून डोक्यावरून यायचं, म्हणून ते वाया घालवायचं नाही. भाजी धुतलेलं, हात धुतलेलं, तांब्यात उरलेलं, सगळं कुठल्या ना कुठल्या झाडाच्या बुडाशी जाई.

पहिलं पिल्लू सासूबाईंनीच मोरीच्या पाटाशी, अळूशेजारी लावलं. "हितं तुझ्या माहेरच्या पाव्हणीला काय कमी पडायचं न्हाई."

कमी पडलं नाहीच. पंधरा दिवसांत पाव्हणी पिवळी पडली आणि उचलायला गेले तर पेजेसारखी हाताला लागली.

दुसरं मी ओट्याच्या कडेला, उन्हात लावलं. ऊन चांगलं होतं, पण ओट्यावर बसून मामंजी, म्हणजे माझे सासरे, पाणी पीत आणि उरलेलं तिच्यावर ओतत. बसायला आलेली माणसंही तेच करत. गप्पा जितक्या रंगत तितकी माझी कोरफड भिजे. मी दाराआडून बघत राही. सासऱ्यांपुढे सुनेने तोंड उघडायची रीत नव्हती, आणि माझं तर ते कुणापुढेच उघडत नसे.

नवऱ्याला म्हटलं, "तुम्ही सांगा की त्यांना."

"काय सांगू? झाडाला पानी घालू नका? येडा म्हंतील मला."

तीही कुजली.

तिसऱ्या पिल्लासाठी मात्र मी चार दिवस घराभोवती हिंडले. मागच्या भिंतीशी बांधकामातला मुरूम उरला होता. उतार असल्याने पाणी थांबत नव्हतं, दुपारपर्यंत ऊन होतं, आणि मुख्य म्हणजे कोंबड्यांशिवाय तिकडे कुणी फिरकत नव्हतं. चुलीतले विझलेले कोळसे ठेचून मुरमात मिसळले आणि लावली. ती धरली. दोन नवी पानंही आली.

संक्रांत आठ दिवसांवर आली असताना मी मागे गोवऱ्या काढत होते. बघते तर कोपऱ्यावरून मामंजी येतायत, हातात भरलेला तांब्या. उन्हाने कोरफड जराशी तांबूस होते, पण तब्येतीने ती ठणठणीत असते. मामंजींना ते कुठलं ठाऊक! ते तिच्याशीच बोलत होते, "लई लाल पडलीस गं बाई. कुनी बघत न्हाई व्हय तुला?"

तांब्या कलला.

"मामंजी, तिला तहान न्हाई!"

माझ्या हातातल्या गोवऱ्या खाली पडल्या. मामंजींनी आधी माझ्या मागे बघितलं, कोण बोललं म्हणून. मागे भिंतच होती. मग ते घराकडे तोंड करून ओरडले, "अगं ए, सूनबाईला बोलता येतंया!"

आतून सासूबाई म्हणाल्या, "मग ऐका की तिचं! मी तीस वर्सं बोलतीया, ते कवा ऐकलंत?"

मामंजी तांब्याकडे बघत राहिले. "आन् आता ह्ये पानी?"

मी पदर पुढे ओढला. "तुम्ही प्या."

त्यांनी उभ्या उभ्या सगळं पिऊन टाकलं.

संक्रांतीला आई आली. कोरफडीचं पान तिने चिमटीत दाबून बघितलं, मग माझा दंडही तसाच दाबून बघितला, आणि सासूबाईंशी बोलत बसली.

त्यानंतर मामंजी रोज मागच्या कोपऱ्यावरून हाक द्यायचे, "सूनबाई, आज?" मी चुलीपासून म्हणायचे, "न्हाई." उन्हाळ्यात एकदा मी "थोडं घाला" म्हटलं, तर आनंदाने त्यांचा आवाजच चढला. "थोडं म्हंजी किती? ये हिकडं, दाव!"

हात पुसून मला बाहेर जावंच लागलं.