मामींच्या देवळात रेवती गायली

माझी रेवती लहानपणापासून अडखळत बोलते. इंजिनिअरिंगच्या शेवटच्या वर्षी आयटी कंपन्या कॉलेजात येऊ लागल्या, तेव्हा लेखी परीक्षेत ती वरच्या नंबरात असायची आणि मुलाखतीत पहिल्याच वाक्याला अडायची. मी सोमवार करत होते, महादेवाला बेल वाहत होते. पण आणखी एका कंपनीचा नकार आला, त्या संध्याकाळी देवापुढे दिवा लावायला माझा हात उठेना.

मांजरी गावात उसाच्या शेतांच्या जागी झालेल्या आमच्या इमारतीत शेजारी एक तमिळ मामी राहत. त्या खडकीत वाढलेल्या, त्यामुळे मराठी अगदी साफ. रोज पूजेत त्या शिवाची तमिळ पदं गात. एका सकाळी त्यांच्या दारात मी थबकले. आतून दोन आवाज येत होते. मामींकडून पदं शिकत रेवती गात होती, आणि कुठेही अडत नव्हती.

"अहो मामी, पण हिला अर्थ कुठे कळतो?"

"मी सांगितलाय ना," त्या म्हणाल्या. "मंत्र गुरुजी म्हणतात. ही पदं आमच्या रोजच्या बोलीतली. आमचे संत देवळोदेवळी हिंडत शिवाशी असंच बोलले. आर्जव केलं, रुसले, भांडलेसुद्धा. म्हणून आरतीनंतर ही म्हटल्याशिवाय आमची पूजा पुरी होत नाही."

पुढच्या प्रदोषाला त्या आम्हाला त्यांच्या देवळात घेऊन गेल्या. आरती झाली आणि ऐनवेळी मामींचा घसा बसला. त्यांनी रेवतीला खूण केली. ती उभी राहिली, ओठ हलले, पण शब्द फुटेना. सगळं देऊळ थांबलेलं. मी डोळे मिटले आणि म्हटलं, महादेवा, आता तुझी लेक, तूच बघ.

समोर बसलेल्या एका अनोळखी आजींनी मांडीवर हळूच ठेका धरला. रेवतीने त्यांच्याकडे पाहिलं, आणि तिचा आवाज मोकळा झाला. पद संपलं तेव्हा मामी रडत होत्या. त्या आजींना मी नंतर शोधलं, पण त्या निघून गेल्या होत्या. पुन्हा कधी दिसल्याही नाहीत.

रेवतीचं अडखळणं गेलं नाही. पण पुढच्या मुलाखतीत तिनेच आधी सांगितलं, "मला बोलायला वेळ लागतो, थांबाल ना?" ते थांबले. नोकरी लागली.

मी तिची वाणी सुधारून मागत होते. महादेवाने ती आहे तशीच आपल्या सेवेत घेतली. आजही प्रदोषाला ती गाते, तेव्हा कोणीतरी मला विचारतंच, "तुम्ही तमिळ का?"

"नाही हो," मी ताठ मानेने सांगते, "मी गाणारीची आई."