न विचारता टाकलेलं पत्र

कुवेतमधल्या मीना अब्दुल्ला बंदरावरच्या रिफायनरीत सगळ्यांच्या पायात कंपनीचे जाड बूट असायचे, फक्त आमच्या स्टोअरच्या सुपरवायझरांच्या पायात नसायचे. ते कॅनव्हासच्या चपला घालून तापलेल्या वाळूतून फिरायचे. सेफ्टीवाल्यांनी दोनदा लेखी ताकीद दिली. त्यांनी दोन्ही कागद घडी करून ड्रॉवरमध्ये टाकले. मी त्यांचा टायपिस्ट. मला वाटलं, विक्षिप्त म्हातारा, दुसरं काय!

साठ सालाच्या आसपासची गोष्ट. ते आयर्लंडचे, साठीला टेकलेले. चुकून कुणी इंग्रज म्हटलं की अंगावर यायचे. "तुम्ही त्यांना दीडशे वर्षं सोसलंत, आम्ही सातशे," असं मला ऐकवायचे. त्या एका गोष्टीवर आमचं छान जमलं.

एका दुपारी धुळीचं वादळ आलं आणि यार्डातलं काम बंद पडलं. दाराच्या फटीत ओली फडकी कोंबून आम्ही दोघेच आत बसलो होतो. ते म्हणाले, "मशीनवर कागद चढव."

पत्र त्यांच्या गावातल्या एका बाईला होतं. तिचा भाऊ त्यांच्याच वर्गातला. इंग्रजांशी लढाई चालू होती तेव्हा हे एकोणीस वर्षांचे होते, बंदूकवाल्या पोरांच्या टोळीत. शिपायांना कुणीतरी खबर देतंय असा संशय आला आणि तो तिच्या भावावर गेला. हे धरून चौघांनी त्याला घरातून बोलावून नेलं, गोळी घातली आणि गावाबाहेरच्या दलदलीत पुरलं. गावात उठवलं की तो अमेरिकेला पळाला. दोन महिन्यांनी खरा खबऱ्या सापडला, तो भलताच कुणीतरी निघाला. तरी त्या घरी कुणी काही सांगितलं नाही. आई अमेरिकेच्या पत्राची वाट बघत मेली.

हे सगळं ते स्टोअरमधल्या मालाची यादी सांगावी तशा आवाजात सांगत होते आणि मी टाइप करत होतो. शेवटी जागा सांगितली: चुन्याच्या भट्टीच्या भिंतीपासून किती पावलं, कोणत्या काटेरी झाडाच्या कोणत्या बाजूला. चाळीस वर्षांत एक पाऊल विसरले नव्हते.

सही करून त्यांनी पाकीट माझ्या हातात दिलं. "मी मेल्यावर टाक. पुढच्या वर्षी पेन्शन घेऊन मी घरी जाणार आहे. तिचं दार माझ्या दारासमोर आहे."

मी पाकीट ट्रंकेत ठेवलं आणि सुट्टीवर रत्नागिरीकडच्या आमच्या गावी गेलो.

आमचे वडील गलबतावर होते. सहा वर्षांपूर्वी गलबत गेलं, एक फळीसुद्धा किनाऱ्याला लागली नाही. जमातीनं आमच्या रीतीप्रमाणे देहावाचून जनाज्याची नमाज पढायची ठरवली तेव्हा आईनं नको म्हणून रडून गोंधळ घातला होता. डोळ्यांनी बघितल्याशिवाय मेला कसं म्हणू, म्हणाली. या खेपेलाही ती ओट्यावर खाडीकडे तोंड करून बसलेली. मी चिडलो, म्हटलं, आता पुरे कर. ती शांतपणे म्हणाली, "कबर तरी असती तं फातिहा वाचली असती मी. उठले असते हितून."

दुसऱ्या दिवशी मी गावच्या पोस्टात जाऊन ते पत्र टाकलं. कुणाला विचारलं नाही. दुसऱ्याच्या भानगडीत नाक खुपसायची मला खोडच आहे, पण तेव्हा मला ती खोड वाटली नाही, पुण्य वाटलं.

कुवेतला परतल्यावर त्यांना सांगायची हिंमत झाली नाही. रोज सकाळी गुड मॉर्निंग म्हणायचो आणि मान खाली घालून टाइप करत बसायचो.

तीन महिन्यांनी टपालाच्या थैलीतून उत्तर आलं. त्यांनी उभ्याउभ्या वाचलं आणि माझ्यापुढे ठेवलं. बाईनं लिहिलं होतं की सांगितलेल्या जागीच तो सापडला. दलदलीच्या त्या मातीत माणूस कुजत नाही. चेहरा तसाच होता, रंग फक्त चहासारखा झाला होता. "तो अजून वीसचाच आहे आणि मी त्याची धाकटी बहीण, माझे केस पांढरे झालेत. आईशेजारी त्याला ठेवलं." खाली आणखी दोन ओळी होत्या. "त्याचे पाय उघडे होते. बूट नवे होते, आईनं कोंबड्या विकून घेतले होते. ते कुणी नेले, तेवढं सांग."

मी त्यांच्या पायांकडे पाहिलं. न पाहता राहवेना.

"मला बापानं कधी बूट घेतले नव्हते," ते म्हणाले. "काळं पॉलिश लावलं की ओळखू येईनात. दोन हिवाळे घातले. चर्चमध्ये ती माझ्या शेजारच्या बाकावर बसायची." मग माझ्याकडे बघून म्हणाले, "खबर देणाऱ्याचं आमच्याकडे काय करायचे, ते तूच टाइप केलंस."

मी खबऱ्याच होतो. ते पुन्हा घरी गेले नाहीत, पुढे कुवेतमध्येच वारले, आणि त्यांची घरची वाट मी बंद केली हे मला आजही टोचतं. ते पत्र टाकलं नसतं तर ती बाई माझ्या आईसारखीच बसून राहिली असती, हेही टोचतं. यातलं कुठलं जास्त, ते मला अजून ठरवता येत नाही.

पण त्या दिवशी त्यांनी बाईचं पत्र घडी करून खिशात घातलं. मग म्हणाले, "कागद चढव."

मी चढवला. बाईचं नाव टाइप केलं आणि थांबलो.

"मी नेले," ते म्हणाले. "एवढंच."

खाली सही केली, पाकीट स्वतः चिकटवलं आणि माझ्या हातात दिलं.

"हे आजच टाक."