डोईवर पाटी

पालेगावच्या हिरामण भोईरची मुलगी सैन्यात कॅप्टन झाली, तेव्हा त्याने गावभर पेढे वाटले. पण ती चालण्याच्या शर्यतीत उतरते, हे काही त्याने गावात सांगितलं नाही. पळण्याची शर्यत माणसाला कळते हो, चालण्याची कसली? त्यात ते चालणं असं, की कंबर एकदा डावीकडे, एकदा उजवीकडे आणि कोपरं मागेपुढे. तेजस्वी सुट्टीवर आली आणि सकाळी नव्या टॉवरांमधल्या रस्त्यावर सरावाला निघाली. नाक्यावरच्या धर्मराजने चहा पिता पिता हिरामणला विचारलंच, फौजेत पोरींना हेच शिकवतात काय? हिरामणला मेल्याहून मेल्यासारखं झालं. घरी येऊन त्याने लेकीला सांगितलं, सराव करायचा तर गावाबाहेर, एमआयडीसीच्या रस्त्याला कर.

लेक निमूट गावाबाहेर जाऊ लागली. बोलली ती तिची आई, बकुळा. "वीस वर्सं भाजीची पाटी घेऊन मी बाजारात अशीच गेले. तवा नाय लाज वाटली तुम्हाला?"

खरंच होतं ते. पळावं तर भाजी सांडते, रेंगाळावं तर बाजारातली जागा जाते. म्हणून बकुळाचा पाय जमीन सोडायचा नाही, कंबर हलायची, पण चुंबळीवरची पाटी जागची हलत नसे. मागून छोटी टोपली घेऊन तेजू. शाळेच्या आधी रोजची फेरी. पुढे सैन्याच्या प्रशिक्षणात पळताना मागे राहणारी ही मुलगी चालताना सगळ्यांच्या पुढे जाते, हे कवायत शिकवणाऱ्या उस्तादांच्या लक्षात आलं आणि तिथून तिचा खेळ सुरू झाला.

आता तिला एकतिसावं लागलं होतं. पुण्यात निवडीची शर्यत होती, वीस किलोमीटरची. पहिल्या दोघी देशाच्या संघात जाणार होत्या. तिसरी आली तर तेजस्वीचा खेळ संपला, मुकाट आपल्या पलटणीत परत. बकुळाने हट्टच धरला, म्हणून हिरामणही गेला.

नियम त्याला तिथे कळला. एक पाय कायम जमिनीवर हवा. दोन्ही उचलले की पंच लाल कार्ड देतात, आणि तिसऱ्या कार्डाला दोन मिनिटं बाजूला उभं करतात. दोन फेऱ्या उरल्या तेव्हा तेजस्वी तिसरी होती आणि तिची दोन कार्डं झाली होती. पुढची मुलगी वीस पावलांवर. आजूबाजूचे ओरडत होते, पळ, पळ! हिरामणच्याही ओठावर तेच आलं होतं. तेजस्वीचं डोकं वरखाली होऊ लागलं, टाचा सुटू लागल्या.

बकुळा कठड्यावर वाकली आणि बाजारात हाळी द्यावी तशी ओरडली, "तेजू, डोईवर पाटी हाय!"

डोकं थांबलं. खांदे खाली आले. कंबर पुन्हा लयीत हलू लागली. पुढच्या मुलीने मागे वळून पाहिलं, घाबरून वेग वाढवला आणि तिचे दोन्ही पाय सुटले. तिचीही आधी दोन कार्डं झाली होती, हे तिसरं. ती बाजूला उभी राहिली, तिच्या शेजारून तेजस्वी गेली आणि दुसरी आली. हिरामण ढसाढसा रडला, आणि त्याची त्याला जराही लाज वाटली नाही.

आठवड्याने ती गावी आली. पोरांनी नाक्यावर फुलांनी सजवलेली उघडी जीप आणली होती, ढोल होता, हार घेऊन खुद्द धर्मराज उभा होता. तेजस्वी जीपमध्ये चढणार, तोच हिरामण आडवा आला.

"जीप परत न्या. माझी पोर गावातून चालत जाईल."

तेजस्वीने बापाकडे पाहिलं, बुटाची नाडी आवळली आणि निघाली. कंबर डावीकडे, कंबर उजवीकडे, भर रस्त्यातून. धर्मराज हार घेऊन धापा टाकत मागे पळत होता. त्याच्याही मागे हिरामण होता, आणि दारादारात थांबून सांगत होता, "बघा, माझी पोर बघा कशी चालते. आईवर गेलीय."