माघातली कानबाई

जिजीला कुणी "एखादं गाणं म्हण" म्हटलं की ती उठून पाणी प्यायला जायची. गोडादऱ्यात, कामासाठी परमुलखात आलेल्या आमच्या लोकांच्या वस्तीत, शेजारच्या खोलीत ती दिवसभर साड्यांचे लोंबते धागे कापायची. गाणी तिला असंख्य येत, पण फर्माईश चालत नसे. "गानं कामनासंगे येस, भाऊ. रिकामं कसं म्हनू?"

कानबाई ही आमची खान्देशातली घरची देवी. त्या वर्षी नवरात्रात एका ऑर्केस्ट्राने तिच्या निरोपाच्या गाण्याची चाल उचलली, शब्द बदलले, ठेका वाढवला आणि गरब्यात वाजवली. आमचीच पोरं त्यावर नाचली. जिजीने कात्री खाली ठेवली. "नऊ दिन तिले घरमाईन काढी ऱ्हायनात. ती जाई तरी कोठे?"

माझं डोकं तापलं. पत्रकं वाटून भागेना, म्हणून लग्नांची शूटिंग करणाऱ्या मित्राला धरून लघुपट करायचं ठरवलं. नाव 'चोरी'. त्यासाठी जिजीने कानबाई बसवायला हवी होती. महिना माघ होता. कानबाई बसते श्रावणात.

"बलावं म्हंजे ती येस," जिजी म्हणाली. "मंग तिले शूटिंग शे अशे सांगू का?"

"त्यांनी चोरलं तेव्हा गप्प बसलीस. आता आपल्या माणसांनाही नाहीच म्हणणार?"

हे मी बोललो. मग तिने नारळ धुतला, त्यावर डोळे रेखले, नथ घातली आणि देवीला बोलावण्याचं गाणं म्हटलं. शेवटच्या दृश्यात चोराचा हात देवी उचलतो, असं आम्ही लिहिलं होतं. देवीला हात लावायला मित्र मागे सरला. मी उचलली आणि साड्यांच्या गठ्ठ्यावर ठेवली. बॅटरी संपली, आम्ही निघालो.

बसवलेल्या कानबाईला दुसऱ्या सकाळी निरोप द्यावा लागतो. बाया गात नदीवर जातात. जिजी दारोदार बोलावून आली. "शूटिंगनी कानबाईले कोन येस व माय?" बाया हसल्या. ती एकटीच तापीवर गेली. निरोपाचं गाणं म्हटलंस का, असं मी नंतर विचारलं. "ते एकलीनं म्हनता येत नही."

श्रावणात गेलो तर कानबाई बसवायच्या चौरंगावर साड्यांचे गठ्ठे होते.

"जिजी, यंदा?"

"च्या पी ले," ती म्हणाली.

पुढच्या श्रावणातही तेच. नंतर ती लेकीकडे धुळ्याला गेली आणि तिथेच वारली.

'चोरी'ला लोकांनी टाळ्या वाजवल्या होत्या. कॅसेट अजून माझ्याकडे आहे. तिच्यात जिजीचे ओठ हलतात, आवाज माझा आहे. गाण्यामुळे माझं निवेदन नीट ऐकू येत नव्हतं, म्हणून आम्ही तिचं गाणं पुसलं होतं.