माझाच दावा तिनं मला वाचून दाखवला

सुमन गेल्याचं तिच्या मुलीनं, रेखानं, दवाखान्यातून येऊन सांगितलं. मी तांदूळ निवडत होते. सूप बाजूला ठेवलं आणि सुमनच्या दोन खोल्या उघडून सतरंजी घातली, माणसं येणार होती. रडू नंतर आलं, तेही थोडंच. सुमन बालवाडीची शिक्षिका. शुक्रवार पेठेतल्या आमच्या घरात ती वीस-बावीस वर्षं भाड्यानं राहिली. मी तिची घरमालकीण, आणि सात वर्षं तिच्यावर कोर्टात खोटा दावा चालवणारी बाईही मीच. गेलेल्या माणसाविषयी चांगलं लिहावं म्हणतात. तिचं लिहिते, माझं तसं लिहिता येणार नाही.

नव्वदीच्या सुरुवातीची गोष्ट. माझे मालक वारले होते. दिरानं सुचवलं, या खोल्या रिकाम्या करून रस्त्याकडेला गाळा काढू, मुलाला दुकान होईल. मलाही ते हवंच होतं, सगळं दिरावर ढकलत नाही. वकील म्हणाले, गाळा पाहिजे एवढ्यावर भाडेकरू हलत नाही, आणखी कारणं लागतात. कारणं त्यांनीच लिहिली. मी चौथी शिकलेली. जिथं खुणा होत्या तिथं सह्या केल्या आणि घरी येऊन आमटीला फोडणी दिली.

पुढं बेलीफ येऊन सुमनला समन्स देऊन गेला. ती कागद घेऊन माझ्या पायरीवर आली. मला वाटलं, आता भांडण. ती चष्मा पुसत म्हणाली, "अक्का, ह्यात काय लिवलंय ठावं हाय तुम्हांस्नी?" मी म्हटलं, "न्हाय." मग खाली बसून तिनं वर्गात वाचतात तसं सगळं वाचलं. वादी म्हणजे तुम्ही, प्रतिवादी म्हणजे मी, असं मधे थांबून समजावलंही. 'प्रतिवादी भांडखोर असून वादीस रोज शिवीगाळ करते' इथं आल्यावर तिनं कागद मांडीवर ठेवला.

"अक्का, मी कवा शिवी दिली?"

"न्हाय दिलीस."

"मग आता देऊ काय एखादी? तुमची केस तरी खरी हुईल."

मला हसू आलं, तिलाही... पण दावा मी मागं घेतला नाही.

मग तारखा सुरू झाल्या. वकील दिराला म्हणाले होते, अशी केस जिंकायची नसते, समोरच्याला दमवायचं असतं. मला कोर्टात जावं लागत नसे. सुमन रजा टाकून जायची, दुपारपर्यंत बाकावर बसायची आणि पुढची तारीख घेऊन यायची. माझ्या केसची खबर मला तीच द्यायची. "तुमचा वकील आज बी आजारी. डबा तरी न्या की एकदा." रेखाला बघायला आलेली माणसं दोनदा कोर्टाचं ऐकून चहा पिऊन निघून गेली. ते मी माझ्या खिडकीतून बघितलं.

सातव्या वर्षी माझी साक्ष लागली. आदल्या दिवशी नळावर सुमन एवढंच म्हणाली, "अक्का, उद्या काय बोलायचं ते मोठ्यानं बोला. मागच्या बाकावर ऐकू येत न्हाय." विनवणी नाही, शाप नाही. पिंजऱ्यात आमच्याच वकिलानं विचारलं, प्रतिवादी तुम्हाला कसा त्रास देते? मागं सुमन कान देऊन बसली होती. मी म्हटलं, "काय त्रास न्हाय. सह्या माझ्या हायत, पण आत काय लिवलंय ते मला नंतर कळलं. वाचून दाखवलं तवा." जजसाहेबांनी विचारलं, कुणी वाचून दाखवलं? मी सुमनकडं बोट केलं. साहेबांनी पेन खाली ठेवलं.

दावा संपला. दीर दोन वर्षं बोलला नाही. माझ्या मुलानं दुसरीकडं भाड्यानं गाळा घेतला, आता तिथल्या मालकाचा माणूस आला की त्याला घाम फुटतो. रेखाचं लग्न याच अंगणात झालं. आणि गल्लीतल्या बायका नोटिसा, करारपत्रं घेऊन सुमनकडं यायला लागल्या. ती मला शेजारी बसवून घ्यायची. एक ओळ वाचायची आणि म्हणायची, "पुढची तुम्ही, अक्का." मी अडखळायचे, ती वाट बघायची. साठीनंतर मी कोर्टाचं मराठी शिकले ते असं.

सुमन जाऊन महिना झाला. रेखा किल्ली द्यायला आली होती, मी घेतली नाही. तिची बदली हुपरीहून इकडं व्हायची आहे, तोवर खोल्या कुठं पळून जात नाहीत. परवा मागच्या गल्लीतली एक बाई कागद घेऊन आली. सुमनबाई गेल्या म्हटल्यावर परत निघाली. मी म्हटलं, "बस. मी वाचते."

"तुम्ही? तुम्ही तर घरमालकीण."

"म्हणून तर. कुठं काय लपवत्यात ते मला ठावं हाय."

सुमनच्या खोलीत उजेड बरा येतो, तिथं बसलो. ओळीखाली बोट धरून वाचलं. पहिल्या पानालाच अर्धा तास गेला. बाईला तिच्या घरमालकानं सांगितलं होतं की लाइटच्या मीटरसाठी सही पाहिजे. दुसऱ्या पानावर लिहिलं होतं, 'मी राजीखुशीने खोली सोडत आहे.' तिच्या हातातलं पेन मी काढून घेतलं आणि पुढची ओळ वाचली.