सुईने टोचलेलं राज्य

माझी ताई माझ्याहून तीन वर्षांनी मोठी, आणि तिने एक अख्खं राज्य रचलं होतं. त्या राज्यात मला प्रवेश नव्हता. शेजारच्या खोलीत राहणाऱ्या, साताऱ्याकडून आलेल्या तिच्या मैत्रिणीला होता. ही मैत्रीण नाकात बोलायची, हे मी मुद्दाम सांगते.

नव्वदीची सुरुवात होती. आम्ही गुजराती मुलखात, गोडादऱ्याला राहायचो. वडील पांडेसऱ्याच्या मिलमध्ये रंगखात्यात, आणि आई घरी बसून साड्यांवर टिकल्या लावायची. नक्षीचे कागद व्यापाऱ्याकडून यायचे. ट्रेसिंग पेपरवर सुईने टोचलेली वेलबुट्टी असायची. कागद साडीवर पसरून वरून रॉकेलमध्ये कालवलेल्या निळीचा बोळा फिरवला की कापडावर ठिपके उमटत, आणि आई त्या ठिपक्यांवर टिकल्या शिवत जाई.

कागदाच्या उरल्यासुरल्या तुकड्यांवर ताई नकाशे टोचायची. तिच्या राज्यात रस्ते जिवंत होते, माणसं झोपली की कूस बदलायचे. कुणी नकाशा काढला की ते जागच्या जागी थिजत, म्हणून राणीने नकाशांवर बंदी घातली होती. तरी काही बायका ती विद्या चोरून जपत. एकेक भोक श्वास रोखून पाडायचं, नकाशा फक्त उन्हात धरून बघायचा, आणि कुणी विचारलं तर आपण काढला असं कबूल करायचं नाही. कबूल करणारीच्या पायाखालून सगळे रस्ते निघून जात. हे सगळं मी पडद्याआडून ऐकलेलं.

"माले बी शिकाड ना," मी म्हणायचे.

"तुना पोटमा काहीच टिकत नही," ताई म्हणायची, आणि मैत्रीण नाकातून हसायची.

ताईचं खरं होतं. पण म्हणून काय झालं? बहीण माझी होती! शाळेतून येताना त्या दोघी कुजबुजत पुढे चालायच्या आणि मी ताईचंही दप्तर घेऊन मागे. माझा नुसता जळफळाट व्हायचा.

एका सकाळी शाळेला निघण्याआधी मी ताईच्या वहीतून सगळ्यात मोठा नकाशा उचलला आणि आईच्या नक्षीच्या कागदांत सरकवला. ट्रेसिंग पेपर वाया घालवला म्हणून आई ताईला झोडपेल आणि राज्य बुडेल, एवढाच माझा बेत. आईला मात्र ती व्यापाऱ्याची नवी नक्षी वाटली. तिने तो नकाशा खुशाल साडीवर उमटवला. नद्यांच्या वेली झाल्या, डोंगरांच्या कोयऱ्या. आम्ही परतलो तोवर निम्म्या राज्याला टिकल्या लागल्या होत्या. ताई दारातच थबकली.

चार दिवसांनी साड्या न्यायला येणारा माणूस तीच साडी हातात घेऊन परत आला. आईचा चेहरा पडला.

"आ डिझाइन कोणे बनावी?" त्याने विचारलं. शेठला ती फार आवडली होती, तशाच आणखी हव्या होत्या.

आई आमच्याकडे वळली. "हाई कोनी काढं?"

ताई आणि मैत्रीण खाली बघत बसल्या होत्या. ताई कबूल करणार नाही हे मला पक्कं ठाऊक होतं. नियम तिचाच होता.

"मी काढं," मी म्हणाले.

आईने माझ्या तोंडावरून हात फिरवून कानशिलावर बोटं मोडली. एवढं कौतुक माझं कधी झालं नव्हतं. मैत्रीण उठली, "तूच नकाशा दिला असशील हिला," असं ताईला म्हणाली आणि जी गेली ती परत आमच्याकडे आली नाही. मला आनंद झाला. खोटं कशाला बोलू, चांगलाच झाला.

पण नव्या नक्ष्या मला कुठून जमणार? पहिल्याच नक्षीला मी तीन कागद फाडले. तेव्हा ताई मुकाट्याने शेजारी येऊन बसली आणि तिने माझ्या हातातली सुई घेतली. मग रोज शाळा सुटली की आम्ही दोघी खेटून बसायला लागलो, मधे तिसरं कुणी नाही. मला हवं होतं ते सगळं मिळालं होतं. आठवडाभराने माझ्या लक्षात आलं की ती नुसती फुलं टोचते आहे. पाच पाकळ्या, मधे ठिपका, बाजूला दोन पानं, आणि पुन्हा तेच.

"राज्यमधलं काढ ना," मी हळूच म्हणाले. "आते मी कोनलेच सांगाव नही."

"कसानं राज्य?" ताई म्हणाली, आणि खरंच काही आठवत नसल्यासारखी माझ्याकडे बघत राहिली.