उजवा हात

इथे आखातात, अदलिया भागातल्या आमच्या ऑफिसखालच्या कॅफेत एक ग्रीक गिटारवादक रोज येतो. चार वर्षं बघतोय, नाव मात्र विचारायचं राहिलं. तारा छेडायला उजव्या हाताची नखं वाढवलेली. बोलता बोलता ती बारीक पॉलिश पेपरने घासत असतो. तो हात कुणाच्या हातात देत नाही, डावा पुढे करतो. वाजवतो फक्त हयात संगीतकारांचं. "मेलेल्यांचं वाजवायला सगळं जग आहे," म्हणतो.

गेल्या गुरुवारी संध्याकाळी त्याने कॅफेतच एक नवीकोरी रचना वाजवली. आम्ही दहा-अकरा जण होतो. मला तर तो सात मिनिटं तारा जुळवतोय असंच वाटलं. टाळ्या झाल्या, मी गाडीची किल्ली काढली.

"खलास नाही," तो म्हणाला. "आता तीच पुन्हा. पहिल्यांदा तुम्ही फक्त दचकलात."

निम्मे लोक उठून गेले. त्याने वर पाहिलंही नाही. मी बसलो तो निव्वळ भिडेखातर. पण या खेपेला मघाचा खडखडाट कुठे वळणार ते मला आधीच कळायला लागलं. शेवटचा सूर विरला आणि नाटकातल्या पदाला द्यावा तसा मी चक्क वन्स मोअर दिला.

तो उठून माझ्यापाशी आला आणि त्याने उजवा हात पुढे केला.

मी तो फार जपून धरला.